गाँग ली

गाँग ली : (३१ डिसेंबर १९६५ – ). प्रख्यात चिनी चित्रपट-अभिनेत्री. जन्म ल्याउनिंग प्रांतातील शेनयांग (जुने नाव मुक्डेन) येथे. बालपण मात्र शँटुंग प्रांताची राजधानी जीनान येथे गेले. वडील अर्थशास्त्राचे प्राध्यापक. पाच भावंडांत ती सर्वांत धाकटी. तिच्या जन्मानंतर काही महिन्यांतच चीनमध्ये सांस्कृतिक क्रांतीस (१९६६–७६) प्रारंभ झाला आणि विद्यापीठे, नाट्यगृहे, चित्रपटनिर्मितिगृहे यांचे व्यवहार जवळजवळ ठप्प झाले. हा काळ ओसरल्यावर नव्याने उघडलेल्या शिक्षणसंस्थांचा लाभ ज्या पिढीस झाला, त्या पिढीची ती अभिनेत्री होय. १९८५ साली तिने बीजिंगच्या मध्यवर्ती नाट्य अकादमीत प्रवेश मिळविला व १९८९ मध्ये तेथील पदवी संपादन केली. तत्पूर्वी, विद्यार्थिदशेतच, झांग यीमोऊ ह्या छायालेखकाने दिग्दर्शक म्हणून आपल्या पहिल्या चित्रपटासाठी तिची निवड केली होती. १९८७ ते १९९५ ह्या काळात त्याच्या दिग्दर्शनाखाली तिने केलेले चित्रपट हा तिच्या कारकीर्दीचा सर्वाधिक चर्चिला गेलेला भाग आहे. १९९२ च्या व्हेनिस चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा व्होल्पी करंडक तिला मिळाला. व्हेनिस येथे हा मान मिळविणारी ती पहिली चिनी अभिनेत्री.

तिच्याविषयीच्या लेखनात एक गृहीतक वारंवार आढळते. ते असे की, गाँग ली ही मूलतः एक प्रतिमा आहे : झांगच्या भिंगाने घडविलेली, लाल रंगात न्हालेली, चौकटीच्या मध्यभागी बसविलेली प्रतिमा. तीत अभिनेत्रीचा वाटा चेहऱ्यापुरताच. तिचे चाहते आणि टीकाकार दोघेही कळत-नकळत हेच म्हणत आले आहेत. एकांना ती प्रतिमा मोहक वाटते, दुसऱ्यांना ती पाश्चात्त्यांच्या कुतूहलासाठी मांडलेली विक्रीची वस्तू वाटते, एवढाच फरक. हे गृहीतक सर्वस्वी खोटे नाही. परंतु तिचे महत्त्वाचे चित्रपट क्रमाने पाहिले असता ते अपुरे ठरते. ह्या चित्रपटांतील स्त्रिया बहुधा दुसऱ्याने कोणास तरी देऊन टाकलेल्या असतात. कोणी खेचराच्या मोबदल्यात, कोणी हुंड्यासाठी, कोणी बाप वारल्यामुळे. त्यांच्या हाती सत्ता नसते, पैसा नसतो, पुष्कळदा शब्दही नसतात. राहतो तो केवळ नकार. तो न बोलता, न रडता, प्रेक्षकास स्पष्ट दिसेल अशा रीतीने उभा करणे, हे काम चौकट किंवा रंग करू शकत नाहीत. ते नटीलाच करावे लागते आणि गाँग लीने ते एका विशिष्ट पद्धतीने केले आहे.

ही पद्धत समजण्यासाठी तिच्या आधीचा चिनी चित्रपटाभिनय लक्षात घ्यावा लागतो. १९३० च्या दशकातील शांघायच्या मूकपटांत र्‌वान लिंगयू (१९१०–३५) हिने चेहऱ्याच्या सूक्ष्म हालचालींवर आधारलेला एक अभिनय सिद्ध केला होता. द गॉडेस (१९३४) हा त्याचा उत्कृष्ट नमुना. १९४९ नंतर ही धारा क्षीण झाली. क्रांतिकारक नायिकेचा एक ठसा तयार झाला : उंचावलेली हनुवटी, दूरवर रोखलेली दृष्टी, आवळलेली मूठ. सांस्कृतिक क्रांतीच्या काळातील ‘आदर्श नाट्यकृतीं’नी तर हा ठसा सक्तीचाच केला. तो पारंपरिक चिनी ऑपेराच्या संकेतांवर पोसला गेला होता आणि रंगभूमीवर प्रभावीही होता. पडद्यावर मात्र त्याने माणसाचे खाजगी मन नाहीसे केले. १९८२ मध्ये बीजिंग चित्रपट अकादमीतून पदवीधर झालेल्या, ‘पाचवी पिढी’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या दिग्दर्शकांनी ह्या ठशाविरुद्ध बंड केले. परंतु त्यांचे बंड प्रथमतः दृश्यरचनेचे होते. चेन खायगे ह्याच्या यलो अर्थ (१९८४, म. शी. पिवळी माती) ह्या चित्रपटात – त्याचे छायालेखन झांग यीमोऊचेच – माणसे विस्तीर्ण भूमीच्या पार्श्वभूमीवर ठिपक्यांसारखी दिसतात. ह्या पिढीला भूदृश्य सापडले होते, मनुष्याचा चेहरा अद्याप सापडावयाचा होता.

रेड सॉर्गम (१९८७, म. शी. तांबडी ज्वारी) हा चित्रपट एका चेहऱ्यापासूनच सुरू होतो. मो यान ह्याच्या कथाकृतीवर आधारलेल्या ह्या चित्रपटाचे नाव ज्या काओल्यांग ह्या पिकावरून आले आहे, ते ज्वारीच्याच कुळातील. उत्तर चीनमध्ये ते पुरुषभर उंच वाढते आणि त्यापासून कडक मद्य काढतात. नायिका ज्यूअर हिला तिचा बाप एका खेचराच्या बदल्यात कुष्ठरोगी मद्य-उत्पादकास देतो. तिला घेऊन निघालेली पालखी वाहणारे भोई प्रथेप्रमाणे पालखी जोरजोराने हिंदकळवून नवरीची थट्टा करतात. प्रसंग दांडगाईचा, गाण्याचा आणि धुरळ्याचा आहे. आत मात्र तांबूस अंधारात बसलेली नवरी ओठ आवळून सारे सहन करते. तिचा हुंदका बाहेर ऐकू येतो तेव्हा भोई आपोआप गप्प होतात. येथे गाँग ली वयाने अवघी एकवीस वर्षांची आणि कॅमेऱ्यापुढे नवखी आहे. पुढील भागात, मद्यशाळेची मालकीण झाल्यावर, तिचा अभिनय किंचित सैल पडतो, आणि जपानी आक्रमणाच्या अखेरच्या प्रसंगात ती पात्रापेक्षा प्रतीकच अधिक वाटते. तथापि बोहल्यावरून पळू न शकणाऱ्या पण मनाने कोणाचीच न झालेल्या मुलीचा तो चेहरा चिनी चित्रपटास नवा होता. ह्या चित्रपटास १९८८ मध्ये बर्लिन महोत्सवाचे ‘सुवर्ण अस्वल’ मिळाले. चिनी चित्रपटास मिळालेले हे पहिलेच.

ज्यू दोऊ (१९९०) मध्ये ती एका रंगाऱ्याच्या घरात विकत आणलेल्या बायकोच्या भूमिकेत आहे. लिऊ हंग ह्याच्या कथेवरील हा चित्रपट १९२० च्या दशकात घडतो. म्हातारा, नपुंसक नवरा रात्री तिचा छळ करतो व त्याचा पुतण्या भिंतीच्या भोकातून तिला न्हाताना चोरून पाहतो. हे भोक तिच्या लक्षात येते. ती प्रथम ते बुजविते. नंतर एके दिवशी, तो पाहत आहे हे ठाऊक असताना, हळूहळू वळते आणि अंगावरचे वळ त्याला दिसू देते. ह्या प्रसंगावर पुष्कळ लिहिले गेले आहे. हाँगकाँगमध्ये जन्मलेल्या अभ्यासक रे चाउ यांनी प्रिमिटिव्ह पॅशन्स (१९९५) ह्या ग्रंथात झांगच्या चित्रपटांतील अशा ‘दाखविण्या’चाच सविस्तर विचार केला असून, पाहिली जाणारी स्त्री येथे पाहणाऱ्याचीच नजर त्याच्यावर उलटविते, अशा आशयाचे प्रतिपादन केले आहे. हे प्रतिपादन मान्य केले, तरी नजर उलटविण्याची ही क्रिया प्रत्यक्षात घडते कशी, हा प्रश्न उरतोच. ती वळण्याच्या गतीमुळे घडते. गाँग ली घाईने वळत नाही, लाजतही नाही आणि आवाहनही करीत नाही. एखादे ओझे एका खांद्यावरून दुसऱ्या खांद्यावर घ्यावे तशी ती वळते. त्यामुळे प्रसंगातील शृंगार क्षणात ओसरतो व साक्ष उरते. ऑस्कर पारितोषिकाच्या परभाषी चित्रपट विभागात नामांकन मिळालेला हा पहिला चिनी चित्रपट होय. मायदेशी मात्र त्याच्या प्रदर्शनास मनाई होती. ती १९९२ मध्ये उठली.

तिच्या कीर्तीचे शिखर सामान्यतः रेझ द रेड लँटर्न (१९९१, म. शी. लाल कंदील उंच टांगा) हा चित्रपट मानला जातो. सू थोंग ह्याच्या लघुकादंबरीवर तो आधारलेला आहे. परंतु मूळ कथेत कंदिलांचा विधी नाही, तो चित्रपटाची निर्मिती आहे, आणि दक्षिणेतील दमट, बागायुक्त घराऐवजी चित्रपट शान्सी प्रांतातील छ्याव घराण्याच्या करड्या विटांच्या वाड्यात घडतो. धनिकाच्या चार बायकांपैकी ज्या बायकोकडे तो रात्री जाणार, तिच्या अंगणात लाल कंदील लावले जातात आणि तिचे तळपाय लहान हातोड्यांनी ठोकून चोळले जातात. सोंगल्यान ही एकोणीस वर्षांची, सहा महिने विद्यापीठात शिकलेली मुलगी बापाच्या मृत्यूनंतर चौथी बायको म्हणून ह्या वाड्यात येते.

चित्रपटाचे पहिले दृश्य म्हणजे गाँग लीचा केवळ चेहरा आहे. दृश्य अखंड, कॅमेरा स्थिर. सावत्र आई चौकटीबाहेरून बोलत असते, ती दिसत नाही. मुलगी लग्नास होकार देते, तोही आपण कोणाची उपपत्नी होणार हे स्वतःच स्वच्छ शब्दांत सांगून. दोन अश्रू ओघळतात. अश्रू ढाळणे हे चित्रपटनटीला अवघड नसते. येथे लक्षणीय आहे ते हे की, डोळे वाहत असताना चेहऱ्याचा एकही स्नायू त्यांना साथ देत नाही. होकार तोंडाने दिला आहे व बाकी सर्व शरीर नकार देत आहे. पुढच्याच दृश्यात ती घरून पाठविलेल्या पालखीची वाट न पाहता स्वतःची पेटी उचलून पायी सासरी निघते आणि पालखी रस्त्यात तिच्या शेजारून वाजतगाजत निघून जाते. वाड्यात आल्यावर प्रथम ती हात धुते. ह्या तीन गोष्टींत पुढची सारी शोकांतिका आलेली आहे. कारण सोंगल्यान ही निष्पाप बळी नाही. ती गर्विष्ठ आहे, मोलकरणीशी क्रूर वागते, गर्भार असल्याचे खोटे सांगते, आणि दारूच्या नशेत तिसऱ्या बायकोचे गुपित फोडून तिच्या मृत्यूस कारण होते. गाँग लीने प्रेक्षकाची सहानुभूती मिळविण्याचा कोठेही प्रयत्न केलेला नाही, ही तिच्या अभिनयातील मोठी शिस्त म्हणावी लागेल. धन्याचा चेहरा चित्रपटात स्पष्टपणे कधीच दिसत नाही. साहजिकच सत्तेचे सारे परिणाम बायकांच्या चेहऱ्यांवरच वाचावे लागतात. हो साय-फेइ (तिसरी बायको) व त्साव त्स्वे-फन (दुसरी बायको) ह्या अभिनेत्रींची कामेही त्या दृष्टीने तोलामोलाची आहेत; विशेषतः दुसऱ्या बायकोचे गोडबोलेपण.

ह्या चित्रपटावर चीनमध्ये कठोर टीका झाली. कंदिलांचे व पाय ठोकण्याचे विधी बनावट आहेत, जुन्या चिनी घरात असे काही नव्हते, हे सर्व परदेशी प्रेक्षकांसाठी रचलेले आहे, असा आक्षेप पत्रकार दाइ छिंग यांनी घेतला आणि तो पुष्कळांनी उचलला. तपशिलाच्या दृष्टीने आक्षेप रास्त आहे. परंतु रीतिरिवाज खरे असोत वा कल्पित, त्यांपुढे माणूस कसा वाकतो वा वाकत नाही, हे खोटे ठरत नाही. चित्रपटातील सौंदर्यीकरण खटकते तेथे ते कंदिलांत, छतांत, बर्फात खटकते. सोंगल्यानच्या चेहऱ्यात ते नाही.

प्रतिमा आणि अभिनेत्री यांचा संबंध तपासण्याची खरी संधी पुढील वर्षीच्या द स्टोरी ऑफ छ्यू ज्यू (१९९२, म. शी. छ्यू ज्यूची कहाणी) ह्या चित्रपटाने दिली. चेन य्वानबिन ह्याच्या कथेवरील ह्या चित्रपटात झांगने आपली सारी दृश्यशैली बाजूस ठेवली. चित्रीकरण शेन्सी प्रांतातील खेड्यांत व शहरांच्या रस्त्यांवर, बऱ्याच अंशी लपविलेल्या कॅमेऱ्यांनी झाले. मोजके व्यावसायिक नट वगळता बाकीची माणसे स्थानिक. गाँग लीचा देह जाडजूड सुती कोटात आणि गळपट्ट्यात गुंडाळलेला, ती गर्भार, चालणे फेंगडे, बोली शेन्सीची. तिचे लावण्य, ज्यावर आतापर्यंतचे चित्रपट उभे होते असे मानले जाई, ते येथे कामास येणार नव्हते.

कथानक अगदी साधे आहे. छ्यू ज्यूच्या नवऱ्याने भांडणात गावच्या प्रमुखाला केवळ मुलीच आहेत ह्यावरून टोमणा मारला, तेव्हा प्रमुखाने त्याच्या जांघेत लाथ घातली. नवऱ्याला दवाखान्याचा खर्च मिळाला तर पुरे आहे. तिला पुरे नाही. प्रमुखाने आपण चुकलो असे म्हणावे, एवढेच तिला हवे आहे. तो नुकसानभरपाईच्या नोटा जमिनीवर फेकतो आणि एकेक नोट उचलताना तू माझ्यापुढे मान वाकवशील, असे सुनावतो. ती नोटा तशाच पडू देते. मग घरच्या मिरच्या गाडीवर घालून, त्या विकून वाटखर्च काढीत, नणंदेला सोबत घेऊन ती तालुक्याला, जिल्ह्याला, शेवटी मोठ्या शहरात जाते. सर्वत्र निकाल तोच. शहरातील पोलीस-अधिकारी तिच्याशी इतक्या सौजन्याने वागतो की, दावा त्याच्याविरुद्ध लावावा लागेल हे कळल्यावर ती गोंधळून जाते : इतक्या भल्या माणसाविरुद्ध फिर्याद कशी करावयाची? चीनमध्ये शासकीय निर्णयांविरुद्ध नागरिकास न्यायालयात जाण्याचा अधिकार देणारा कायदा १ ऑक्टोबर १९९० पासून अंमलात आला होता व चित्रपटास ती पार्श्वभूमी आहे.

ह्या भूमिकेतील गाँग लीचे काम म्हणजे प्रामुख्याने चालणे, थांबणे आणि तोच प्रश्न पुन्हा विचारणे. कार्यालयाच्या दारात ती ओझे सावरीत उभी राहते, खुर्ची दिली तर अर्ध्या अंगावर बसते, आणि अधिकारी बोलत असताना त्याच्या तोंडाकडे न पाहता त्याने पुढे केलेल्या कागदाकडे पाहते. ती चिडत नाही. न्यायासाठी लढणाऱ्या नायिकेचा आवेश तिच्यात नावालाही नाही. ह्याबद्दल काहींनी पात्रास मंदबुद्धी म्हटले आहे, पण तो ह्या भूमिकेवर सपशेल अन्याय होय. आपणास काय हवे आहे हे तिला नेमके ठाऊक आहे. ते कोणत्याच अर्जात लिहिता येत नाही, एवढीच तिची अडचण. शेवटी हिवाळ्यातील एका रात्री तिचे बाळंतपण अडते आणि तोच गावप्रमुख माणसे जमवून तिला उचलून दवाखान्यात पोहोचवितो. मुलगा होतो. महिना भरल्याच्या मेजवानीस ती प्रमुखाला मानाने बोलावते, आणि त्याच दिवशी नवऱ्याची बरगडी मोडली असल्याचा पुरावा पुढे आल्यामुळे पोलीस त्याला पंधरा दिवसांच्या स्थानबद्धतेसाठी घेऊन जातात. छ्यू ज्यू धावत रस्त्यापर्यंत येते. गाडी निघून गेलेली असते. तिच्या चेहऱ्यावर चित्रपट थिजतो. सोंगल्यानच्या आरंभीच्या चेहऱ्याशी हा चेहरा ताडून पाहण्यासारखा आहे. तो दिसण्यासाठी मांडलेला नाही. तो काहीतरी शोधत आहे आणि शोधताना उघडा पडला आहे. रस्त्यावरच्या खऱ्या माणसांत मिसळून गेलेली ही बाई आणि कंदिलांखालची ती राणी एकाच नटीने लागोपाठच्या वर्षांत उभ्या केल्या, ही गोष्ट ‘प्रतिमे’च्या सिद्धान्तास पुरेसे उत्तर ठरावी.

ह्या चित्रपटास व्हेनिसचा ‘सुवर्ण सिंह’ व गाँग लीला व्होल्पी करंडक मिळाला. चीनमध्ये तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे ‘सुवर्ण कोंबडा’ पारितोषिक लाभले. चित्रपटाचा प्रभाव कलाक्षेत्राबाहेरही पडला. तिच्या तोंडी वारंवार येणारा, ‘म्हणणे सांगा’ अशा अर्थाचा शब्दप्रयोग चिनी व्यवहारात रूढ झाला, आणि झू सूली (‘सूली’ ह्या नावाने परिचित) ह्या विधिज्ञाने छ्यू ज्यूचा गोंधळ हे उदाहरण घेऊन आधुनिक कायदा व ग्रामीण न्यायकल्पना यांतील अंतराची जी चर्चा केली, तिच्यावर चिनी विधिशास्त्रात दीर्घ काळ वाद चालला. एका भूमिकेने विधिशास्त्रास विषय पुरविल्याचे असे उदाहरण विरळाच.

चेन खायगेच्या फेअरवेल माय काँक्युबाइन (१९९३, म. शी. निरोप, राणी) ह्या चित्रपटात दोन ऑपेरा-नटांच्या आयुष्यभराच्या नात्यात शिरणाऱ्या ज्यूश्यान ह्या वारांगनेची भूमिका तिने केली. कथा त्या दोघांची आहे, त्यामुळे हिला वारंवार चौकटीच्या कडेला उभे राहावे लागते. कुंटणखाना सोडताना ती अंगावरचे दागिने, शेवटी पायांतले जोडेही काढून टेबलावर ठेवते आणि अनवाणी निघते. बाई जोखीम घेते आहे आणि हिशेबही करते आहे, हे दोन्ही एकाच वेळी तिच्या नजरेत दिसते. सांस्कृतिक क्रांतीतील जाहीर निर्भर्त्सनेच्या प्रसंगी नवरा लोकांसमोर आपले हिच्यावर प्रेम नसल्याचे ओरडून सांगतो, तेव्हाची तिची स्तब्धता चित्रपटातील साऱ्या आक्रोशांवर मात करते. चित्रपटास कान महोत्सवात ‘सुवर्ण ताडपत्र’ (जेन कँपियन हिच्या द पिआनो बरोबर विभागून) व गाँग लीला न्यूयॉर्क चित्रपट समीक्षक मंडळाचे सहायक अभिनेत्रीचे पारितोषिक मिळाले.

टू लिव्ह (१९९४, म. शी. जगणे) हा यू ह्वा ह्याच्या कादंबरीवरील चित्रपट १९४० च्या दशकापासून सांस्कृतिक क्रांतीपर्यंतचा काळ एका कुटुंबातून सांगतो. त्यात ती जुगारी नवऱ्याची बायको आहे : प्रथम सोडून जाणारी, मग परत येणारी, मुलगा व मुलगी दोघांनाही गमावणारी. चित्रपटाचा भार मुख्यतः गे यौ ह्या नटावर आहे (त्याला कान येथे सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचे पारितोषिक मिळाले) व ती त्याला जागा करून देते. चीनमध्ये ह्या चित्रपटाच्या प्रदर्शनास परवानगी मिळाली नाही. शांघाय ट्रायड (१९९५) ही झांगबरोबरच्या पहिल्या पर्वाची अखेर. १९३० च्या दशकातील गुंडटोळीच्या नायकाची रखेल असलेल्या गायिकेची ही भूमिका तिच्या महत्त्वाच्या कामांत गणता येणार नाही. नाइटक्लबमधील गाण्यांत ती वेशभूषेच्या आड हरवते आणि बेटावरच्या उत्तरार्धातच काहीशी सावरते. ह्या सुमारास दोघांचे व्यक्तिगत संबंधही संपुष्टात आले. १९९६ मध्ये तिने सिंगापूरच्या एका उद्योजकाशी विवाह केला (२०१० मध्ये घटस्फोट).

त्यानंतरच्या दहा वर्षांतील तिची वाटचाल असमान आहे. चेन खायगेच्या टेंप्ट्रेस मून (१९९६) व द एंपरर अँड द असॅसिन (१९९८) ह्या चित्रपटांत भव्यता पुष्कळ, तिला वाव मात्र थोडा. सुन झोऊ ह्याच्या ब्रेकिंग द सायलेन्स (२०००, म. शी. मौनभंग) मध्ये कर्णबधिर मुलाला सर्वसाधारण शाळेत प्रवेश मिळावा म्हणून झटणाऱ्या, किरकोळ कामे करून पोट भरणाऱ्या परित्यक्तेच्या भूमिकेत छ्यू ज्यूचे पाय पुन्हा जमिनीला लागलेले दिसतात, माँट्रिऑल महोत्सवातील व ‘सुवर्ण कोंबडा’ ही दोन्ही सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीची पारितोषिके तिला त्यासाठी मिळाली. हाँगकाँगच्या वाँग कार-वाय ह्याने तिचा वेगळाच उपयोग केला. द हँड (२००४, म. शी. हात, ईरॉस ह्या तीन लघुपटांच्या संचातील एक) ह्यात ती १९६० च्या दशकातील एक ख्यातनाम गणिका व तिच्यासाठी कपडे शिवणारा शिकाऊ शिंपी यांची कथा आहे. चित्रपटाच्या आरंभी ती दिसत नाही, केवळ तिचा आवाज भिंतीपलीकडून ऐकू येतो. नंतर तिचा उत्कर्ष, उतरती कळा आणि आजारपण मुख्यतः कपड्यांची मापे, पाठ आणि हात यांतून कळत जाते. जिच्या चेहऱ्याची एवढी ख्याती, तिने चेहरा बाजूला ठेवून हे काम केले आहे. जेमतेम पाऊण तासाच्या ह्या चित्रपटास तिच्या कारकीर्दीत मानाचे स्थान द्यावयास हवे.

इंग्रजी चित्रपटांविषयी थोडक्यात सांगता येईल. मेम्वार्स ऑफ अ गेशा (२००५), मायामी व्हाइस (२००६), हॅनिबल रायझिंग (२००७) व मुलान (२०२०) यांत तिच्या दर्शनी प्रभावाचा उपयोग करून घेतलेला दिसतो; संवादांची भाषा परकी असल्याने तिचे सर्वांत मोठे बळ, म्हणजे बोलणे आणि न बोलणे यांतील ताण, येथे नाहीसे होते. गेशा मधील मत्सरी हात्सुमोमो ही त्यांतल्या त्यात उजवी भूमिका. चिनी अभिनेत्रींनी जपानी गेशा रंगविण्यावरून चीनमध्ये वादळ उठले व तेथे चित्रपट प्रदर्शित झाला नाही. २००८ साली तिने सिंगापूरचे नागरिकत्व घेतले, तेव्हाही मायदेशात तिच्यावर टीका झाली. ज्या देशाची स्त्री म्हणून जगाने तिला ओळखले, त्या देशाने तिच्याकडून सदैव काही जादा अपेक्षा ठेवली, असेच ह्या दोन प्रसंगांवरून दिसते.

झांग यीमोऊने अकरा वर्षांनी तिला पुन्हा घेऊन केलेला कर्स ऑफ द गोल्डन फ्लॉवर (२००६, म. शी. सुवर्णपुष्पाचा शाप) हा त्साव यू ह्याच्या थंडरस्टॉर्म (१९३४) ह्या प्रसिद्ध नाटकाचे राजवाड्यातील रूपांतर होय. सोन्याचा मुलामा, हजारोंचे सैन्य आणि शेवंतीचे गालिचे यांत नाटक गुदमरून जाते. तरी पण सम्राटाच्या आज्ञेवरून दररोज विष मिसळलेले औषध मुकाट्याने पिणाऱ्या सम्राज्ञीच्या हाताचा कंप आणि कपाळावरचा घाम गाँग लीने इतक्या काटेकोरपणे सांभाळला आहे की, पेला पुढे येताच सारा देखावा मागे पडतो. ह्या भूमिकेबद्दल तिला हाँगकाँग चित्रपट पारितोषिक (२००७) मिळाले.

कमिंग होम (२०१४, म. शी. घरी परतणे) ह्या चित्रपटात दोघे पुन्हा एकत्र आले, ते सर्व वैभव वजा करून. यान गलिंग हिच्या कादंबरीच्या अखेरच्या भागावर तो आधारलेला आहे. सांस्कृतिक क्रांती संपल्यावर श्रमछावणीतून सुटून आलेला प्राध्यापक लू यान्शी घरी येतो, तर बायको त्याला ओळखत नाही. नवरा पाच तारखेला येणार असे त्याच्याच पत्रातून तिला समजलेले असते. म्हणून दर महिन्याच्या पाच तारखेस त्याच्या नावाचा फलक घेऊन ती स्टेशनवर जाते, आणि तो शेजारी उभा राहून तिच्याबरोबर स्वतःचीच वाट पाहतो. स्मृतिभ्रंश हा नटांना भुरळ घालणारा विषय. शून्य नजर व थरथरते ओठ यांनी तो सहज साजरा करता येतो. गाँग लीची फंग वान्यू तशी नाही. तिची नजर शून्य नाही, व्यग्र आहे. ती घराची व्यवस्था पाहते, सौजन्याने वागते, आलेल्या परक्या गृहस्थाला – नवऱ्याला – पत्रे वाचून दाखविण्याबद्दल धन्यवाद देते. तिने सर्व काही विसरले आहे असे नसून एकच गोष्ट नाकारली आहे, अशी शंका प्रेक्षकास येत राहते. जे घडले ते घडून गेले, आता पुढे चला, असे सांगणाऱ्या काळापुढे ही बाई दरमहा फलक घेऊन उभी राहते. सोंगल्यान किंवा छ्यू ज्यू यांच्या नकारात तरुणपणाचा ताठा होता. ह्या नकारात तो नाही, आणि तिला स्वतःला तो ठाऊकही नाही. चन दावमिंग ह्या नटाने तिच्या तोडीस तोड साथ दिली आहे.

अनेक आंतरराष्ट्रीय महोत्सवांच्या परीक्षक मंडळांवर तिने काम केले असून बर्लिन (२०००) व व्हेनिस (२००२) येथे ती मंडळाची अध्यक्ष होती. २०१९ मध्ये फ्रेंच संगीतकार झां-मिशेल झार ह्याच्याशी तिचा विवाह झाला. त्याच वर्षी लो यी ह्याच्या सॅटर्डे फिक्शन ह्या कृष्णधवल चित्रपटात, पर्ल हार्बरवरील हल्ल्यापूर्वीच्या आठवड्यातील शांघायमध्ये वावरणाऱ्या नटी-हेराची भूमिका तिने केली. पीटर चॅनच्या लीप (२०२०) ह्या चित्रपटात तिने चीनच्या महिला व्हॉलीबॉल संघाची प्रशिक्षिका लांग पिंग हिची भूमिका केली. लांग पिंगचे तारुण्य तीत तिच्या स्वतःच्याच मुलीने रंगविले आहे आणि संघातील खेळाडूही बव्हंशी खऱ्याच आहेत. छ्यू ज्यूप्रमाणे येथेही गाँग ली अभिनय न शिकलेल्यांच्या घोळक्यात आहे. सामना चालू असताना ती बाकावर, खांदे किंचित पुढे झुकवून बसलेली असते. खेळ पुढे चालू असतो आणि ती फारशी हलत नाही.